कोटल्यावरचा नाबाद माणूस

जुन्या कसोटी सामन्यांचे धावफलक वाचत बसण्याचा नाद ज्यांना आहे, त्यांना एक गोष्ट पक्की ठाऊक असते. नजर आधी शतकांकडे धावते, पण सामन्याचे मर्म बहुतेक वेळा फलकाच्या खालच्या अर्ध्या भागात असते. ऑक्टोबर १९५२ मध्ये दिल्लीच्या फिरोजशाह कोटला मैदानावर भारत आणि पाकिस्तान यांच्यातला पहिलावहिला कसोटी सामना झाला. त्यातला भारताचा डाव वरून खाली वाचत या. मंकड ११, रॉय ७, हजारे ७६, मांजरेकर २३, अमरनाथ ९, उम्रीगर २५, गुल मोहंमद २४. त्यापुढे रामचंद १३, सेन २५. नऊ गडी बाद २६३. सर्वसाधारण धावसंख्या, सर्वसाधारण डाव. आणि मग दोन ओळी येतात. आठव्या क्रमांकावर एच. आर. अधिकारी, नाबाद ८१. अकराव्या क्रमांकावर गुलाम अहमद, ५०. एकूण ३७२.

शेवटच्या जोडीने १०९ धावा जोडल्या होत्या. दहाव्या गड्यासाठीचा भारताचा हा विक्रम ५२ वर्षे टिकला. २००४ च्या डिसेंबरात ढाक्यात तो मोडला, तेव्हा एका टोकाला सचिन तेंडुलकर होता आणि दुसऱ्या टोकाला झहीर खान.

या दोन ओळी मी पुन्हा पुन्हा वाचतो, आणि प्रत्येक वेळी माझी नजर ८१ वर न थांबता ५० वर जाते. गुलाम अहमद हे हैदराबादचे फार मोठे ऑफस्पिनर. फलंदाज म्हणून मात्र त्यांची गणती शेपटात. २२ कसोटींत मिळून त्यांच्या धावा १९२, सरासरी नऊच्याही खाली. म्हणजे साऱ्या कारकिर्दीतल्या धावांचा चौथा हिस्सा त्यांनी या एका डावात काढला. कसोटीतले त्यांचे अर्धशतक हे एकच. ते त्यांच्याकडून कसे झाले, हा या फलकाने घातलेला प्रश्न आहे, आणि उत्तरही फलकातच आहे.

अकरावा गडी आला की जम बसलेल्या फलंदाजापुढे दोन वाटा असतात. एक म्हणजे त्याला झाकायचे. षटकभर आपणच खेळायचे, शेवटच्या चेंडूवर एकेरी धाव चोरायची, जोडीदाराला चेंडू दिसूच द्यायचा नाही. मोठमोठे फलंदाज हे करतात आणि ते चूक नाही. पण त्या वाटेने जाणाऱ्याच्या फलकावर अकराव्या गड्याच्या नावापुढे चार-पाच धावा दिसतात, पन्नास नव्हे. दुसरी वाट अवघड. जोडीदाराला खेळू द्यायचे. त्याच्या बचावावर भरवसा ठेवायचा, आणि आपला भरवसा आहे हे त्याला कळेल असे वागायचे. १०९ पैकी ५० गुलाम अहमद यांच्या. उरल्या ५९, त्यातही अवांतर असणारच. म्हणजे जम बसलेला फलंदाज आणि अकरावा गडी यांनी धावा जवळजवळ निम्म्या-निम्म्या वाटून घेतल्या. जुन्या फलकात चेंडू मोजलेले नसतात, पण हे प्रमाण पुरेसे बोलके आहे. अधिकारींनी जोडीदाराला झाकले नाही, त्याला फलंदाज केले. शतकाला १९ धावा कमी असताना डाव संपला आणि ते नाबाद परतले.

त्या दिवशी समोर कोण होते, हेही पाहण्याजोगे आहे. वेगवान माऱ्यासाठी खान मोहंमद आणि फझल महमूद. फिरकीसाठी अमीर इलाही, लेगस्पिन आणि गुगली टाकणारे. अमीर इलाही हे बडोद्याचे जुने खेळाडू. अधिकारी आणि ते रणजी करंडकात एकाच बडोद्याकडून खेळलेले. एवढेच नव्हे, १९४७-४८ मध्ये भारताचा संघ ऑस्ट्रेलियाला गेला त्यात दोघेही होते आणि सिडनीला अमीर इलाही भारताकडून कसोटीही खेळले. पाच वर्षांनी ते पाकिस्तानची टोपी घालून दिल्लीत गोलंदाजी करत होते. बडोद्याच्या मैदानावर नेटमध्ये शेकडो वेळा ज्याची गुगली पाहिली, त्याच गड्याला फाळणीनंतर देशाच्या वतीने खेळून काढायचे होते. त्या डावात अमीर इलाहींनी बळी घेतले, पण अधिकारी त्यांना किंवा आणखी कुणाला मिळाले नाहीत.

आता थोडा हिशेब. पाकिस्तानचे दोन डाव १५० आणि १५२ धावांत आटोपले. विनू मंकड यांनी पहिल्या डावात ५२ धावांत ८ आणि दुसऱ्यात ७९ धावांत ५ बळी घेतले. भारत एक डाव आणि ७० धावांनी जिंकला. भारताचा हा अवघा दुसरा कसोटी विजय. नऊ बाद २६३ वरच डाव संपला असता तरी भारत बहुधा जिंकलाच असता. पुन्हा फलंदाजी करावी लागली असती, इतकेच. म्हणून ‘अधिकारींनी सामना जिंकून दिला’ असे म्हणणे अतिशयोक्ती ठरेल, आणि चांगल्या डावाला अतिशयोक्तीची गरज नसते. सामना मंकडांचा होता. अधिकारींनी त्यांच्या हाती ११३ ऐवजी २२२ धावांची आघाडी दिली. फॉलोऑन लादायचा की नाही, क्षेत्ररक्षक पुढे आणायचे की मागे ठेवायचे, फिरकीला चेंडू उंच सोडायची मोकळीक द्यायची की नाही, हे सारे अशा आघाडीवर ठरते. दुसऱ्याच्या पराक्रमाला जागा करून देणारी ही खेळी आहे.

हेमचंद्र रामचंद्र अधिकारी यांचा जन्म ३१ जुलै १९१९ चा, पुण्याचा. (नाट्यरसिकांना हेमू अधिकारी म्हटले की याच नावाचे ज्येष्ठ अभिनेते आठवतील, ते वेगळे.) शिक्षण बडोद्याला. १९३६-३७ च्या मोसमात, वयाच्या सतराव्या वर्षी, गुजरातकडून प्रथम श्रेणी पदार्पण. मग बडोदे, मग सेनादल. १९३६ च्या इंग्लंड दौऱ्यानंतर थेट १९४६ पर्यंत भारताला एकही कसोटी खेळायला मिळाली नाही. मध्ये महायुद्ध होते. त्या पिढीतल्या किती जणांची उमेद या दहा वर्षांत गेली याची गणती नाही. अधिकारींना पहिली कसोटी मिळाली तेव्हा त्यांना अठ्ठावीस वर्षे पुरी झाली होती. नोव्हेंबर १९४७, ब्रिस्बेन, समोर ब्रॅडमन यांचा ऑस्ट्रेलिया. त्याच दौऱ्यात, जानेवारी १९४८ मध्ये ॲडलेडला विजय हजारे यांनी दोन्ही डावांत शतके ठोकली. हजारेंचे ते ११६ आणि १४५ मराठी घराघरात पोचले. दुसऱ्या डावातल्या १४५ ला सातव्या गड्यासाठी १३२ धावांची जी जोड मिळाली, तिच्यात पलीकडच्या टोकाला ५१ धावा करणारे अधिकारी होते, हे कमी जणांना आठवते. भारत ती कसोटी हरला, मालिकाही हरला. पण ही भूमिका, मोठ्या डावाच्या शेजारी उभे राहण्याची, त्या दौऱ्यापासूनच त्यांच्याकडे आली.

नोव्हेंबर १९४८ मध्ये ते पुन्हा कोटल्यावर दिसतात. स्वतंत्र भारताच्या भूमीवरची ही पहिली कसोटी आणि कोटल्याचीही पहिलीच. वेस्ट इंडीजने ६३१ धावांचा डोंगर रचला. वॉलकॉट, वीक्स, गोमेझ आणि ख्रिस्टियानी, चौघांची शतके. भारताकडून इब्राहिम ८५, मोदी ६३, अमरनाथ ६२. आणि सातव्या क्रमांकावर अधिकारी नाबाद ११४. त्यांचे कसोटीतले एकमेव शतक. तळाचे गडी सेन, रंगाचारी आणि तारापोर यांच्यापैकी सेन यांच्या २२ धावा सोडल्या तर बाकीच्यांच्या मिळून दोन. तरी भारत ४५४ पर्यंत गेला.

तेवढ्याने भागले नाही. १७७ धावांनी मागे पडून फॉलोऑन आला. दुसऱ्या डावात सहा गडी बाद झाले आणि सामना हातून जाणार अशी वेळ आली, तेव्हा पुन्हा अधिकारी उभे होते, यावेळी जोडीला चंदू सरवटे. सामना संपला तेव्हा भारत ६ बाद २२०, अधिकारी नाबाद २९, सरवटेही नाबाद. शतक झाल्यावर दोनच दिवसांत पुन्हा पॅड बांधून, धावा करायच्या नाहीत, फक्त वेळ काढायचा आहे हे ओळखून खेळलेल्या या २९ धावा मला शतकापेक्षा जास्त आवडतात. शतकात आनंद असतो. या २९ मध्ये फक्त काम आहे, आणि ते पुरे झाले आहे. पाच दिवसांच्या त्या सामन्यात वेस्ट इंडीजच्या एकाही गोलंदाजाला अधिकारींचा बळी घेता आला नाही.

पुढे नोव्हेंबर १९५१ मध्ये इंग्लंडविरुद्ध त्याच मैदानावर मर्चंट १५४, हजारे नाबाद १६४, आणि त्यांच्याबरोबर अधिकारी नाबाद ३८. मग १९५२ चे नाबाद ८१. कोटल्यावर ओळीने चार डाव: ११४, २९, ३८, ८१; चारही नाबाद. २६२ धावा, आणि बाद एकदाही नाही. सबंध कसोटी कारकिर्दीत ते ३६ डावांत आठ वेळा नाबाद राहिले, त्यातले चार कोटल्यावर. त्यांच्या ८७२ कसोटी धावांपैकी ३६५ या एका मैदानावरच्या, म्हणजे चाळीस टक्क्यांहून जास्त. एखाद्या मैदानाशी फलंदाजाचे असे जुळावे, हे क्वचितच घडते.

अधिकारी पेशाने फौजी अधिकारी होते. पण हे सारे मी कोकणातल्या माणगावात बसून लिहितो आहे, आणि इथे बसून लिहिताना ‘लष्करी अधिकारी’ हा शब्द सहज लिहिता येत नाही. आमच्या तहसील कार्यालयाच्या आवारात नाईक यशवंत घाडगे यांचा पुतळा आहे. पळसगावचे घाडगे, पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीतले. १० जुलै १९४४ रोजी इटलीत, टायबर नदीच्या वरच्या खोऱ्यात, मशिनगनच्या माऱ्यात त्यांच्या तुकडीतले सारे जवान पडले, काही मेले, काही जखमी झाले. एकटे घाडगे उरले. ते त्या मशिनगनवर धावून गेले. ग्रेनेड फेकून गन बंद पाडली, एका शत्रूला गोळी घातली, मॅगझिन बदलायला वेळ नाही म्हणून बंदूक नळीकडून धरून उरलेल्या दोघांना ठार केले. आणि लपलेल्या नेमबाजांच्या गोळ्यांनी तिथेच पडले. वय २२. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. शेजारच्या महाड तालुक्यात एक गाव आहे, त्याचे नावच फौजी आंबवडे. तिथे पिढ्यान् पिढ्या घराघरातून मुले सैन्यात जातात. या मुलखात फौजेचा अर्थ लोकांना पुस्तकातून शिकावा लागत नाही.

म्हणून एक गोष्ट स्पष्ट लिहिली पाहिजे. मैदानावर टिकून राहणे आणि रणात टिकून राहणे यांची बरोबरी होत नाही. क्रिकेटच्या लेखनात ‘किल्ला लढवला’, ‘शत्रूला नमवले’ ही भाषा सर्रास येते. ज्या गावात असा पुतळा आहे, तिथे ती भाषा बेतानेच वापरावी. अधिकारी वर्दीत होते म्हणून त्यांची फलंदाजी शूर ठरत नाही. ११४ आणि ८१ हे खेळातले आकडे आहेत, आणि त्यांचा मोठेपणा खेळातच पाहायला हवा.

तरीही माणूस एकच असतो. फौजेत अधिकाऱ्याचे काम काय, हे इथल्या निवृत्त सुभेदारांना विचारले तर बहुतेक जण शौर्याबद्दल बोलत नाहीत. ते सांगतात, साहेब चांगला असेल तर तुकडीतला सर्वांत कच्चा जवानही चांगला निघतो. कच्च्याला मागे ठेवून आपण पुढे जाणारा साहेब त्यांना आवडत नाही. मला १९५२ ची ती शेवटची जोडी या नजरेने वाचावीशी वाटते. अकरावा गडी आला, आणि पलीकडच्या माणसाने त्याच्याकडून ५० धावा करून घेतल्या. हुकूम देणे ही अधिकारपदाची एक बाजू आहे. समोरच्याला त्याच्या ऐपतीपेक्षा मोठे काम करायला लावणे आणि त्यासाठी स्वतः शांतपणे दुसऱ्या टोकाला उभे राहणे, ही दुसरी. अधिकारींच्या फलंदाजीत मला ही दुसरी बाजू दिसते.

सेनादलाच्या संघातही ती दिसते. या संघाची जातकुळी वेगळी. मुंबईचा संघ कांगा लीग आणि शिवाजी पार्कच्या मातीतून येतो. बडोदे, होळकर यांना संस्थानिकांचा आश्रय होता. सेनादलाच्या खेळाडूंना गाव नसते, मैदान नसते, बदली असते. आज पठाणकोटला, उद्या आसामात. जवान आणि अधिकारी एकाच संघात. अशा संघाला अधिकारींनी लागोपाठ दोन मोसमांत, १९५६-५७ आणि १९५७-५८ मध्ये, रणजीच्या अंतिम सामन्यापर्यंत नेले. पहिल्या वेळी मुंबईकडून हार, दुसऱ्या वेळी बडोद्याकडून, ज्या बडोद्यासाठी अधिकारी तरुणपणी खेळले होते. सेनादलाला रणजी करंडक अजूनही जिंकता आलेला नाही. त्या दोन वर्षांचा पल्लाही त्यांना पुन्हा गाठता आलेला नाही. पुण्याचेच चंदू गडकरी, सहा कसोटी खेळलेले फौजी अधिकारी, हेही त्याच काळातले. त्याआधीच्या पिढीत सी. के. नायडू होते, होळकरांच्या सैन्यातले ‘कर्नल’. संस्थानी सैन्यातल्या त्या हुद्द्यात दरबारी मान मोठा होता. अधिकारींच्या पिढीत हुद्दा म्हणजे नोकरी, पोस्टिंग आणि रजेचा अर्ज. नोव्हेंबर १९४७ ते फेब्रुवारी १९५९ या काळात भारताने ४७ कसोटी खेळल्या. अधिकारी त्यातल्या २१ खेळले.

एकविसावी कसोटी ही एक वेगळीच कथा आहे. १९५८-५९ चा मोसम भारतीय क्रिकेटच्या इतिहासातला सर्वांत गोंधळाचा. वेस्ट इंडीजकडे वेस्ली हॉल आणि रॉय गिलख्रिस्ट हे तुफानी वेगाचे गोलंदाज. भारताकडे पाच कसोटींत चार कर्णधार. मुंबईला उम्रीगर, कानपूर आणि कोलकात्याला गुलाम अहमद. कोलकात्यात भारत एक डाव आणि ३३६ धावांनी हरला. मद्रासला उम्रीगर यांचे नाव ठरले, पण संघनिवडीच्या वादातून सामन्याच्या तोंडावर त्यांनी पद सोडले. नेतृत्व मंकडांकडे गेले आणि सामनाही गेला. मालिका ०-३ अशी हरलेली, ड्रेसिंगरूममध्ये कुणाचा कुणावर विश्वास उरलेला नाही. या अवस्थेत पाचव्या कसोटीसाठी निवड समितीने लेफ्टनंट कर्नल हेमू अधिकारी यांना बोलावले. वय ३९. कसोटी संघातून ते कधीच बाहेर गेलेले होते.

स्थळ पुन्हा कोटला. अधिकारींनी पहिल्या डावात ६३ आणि दुसऱ्यात ४० धावा केल्या. कोटल्यावर त्यांना बाद करायला गोलंदाजांना १९५९ साल उजाडावे लागले. पण या सामन्याचे वाचनही त्यांच्या धावांवर थांबवू नये. चंदू बोर्डे यांच्या धावा पाहा: १०९ आणि ९६. बोर्डे तेव्हा चोविशीतले, नवखे. दुसऱ्या डावात शतकाला चार धावा हव्या असताना त्यांची बॅट यष्ट्यांना लागली आणि ते हिट विकेट झाले. नाहीतर हजारेंप्रमाणे दोन्ही डावांत शतके झाली असती. १९४८ साली ॲडलेडला हजारे, १९५२ साली दिल्लीत गुलाम अहमद, १९५९ साली बोर्डे. अधिकारी ज्या सामन्यांत चांगले खेळले, त्या सामन्यांत दुसऱ्या कुणाचा तरी आयुष्यभर आठवावा असा खेळ झालेला दिसतो. एकदा झाले तर योगायोग म्हणता येईल. तीनदा झाल्यावर मला तो शब्द वापरवत नाही.

गोलंदाजीचा तपशील तर विलक्षण आहे. वीस कसोटींत अधिकारींनी गोलंदाजी जवळजवळ केलीच नव्हती. त्या साऱ्या काळात त्यांच्या गोलंदाजीवर मिळून फक्त १४ धावा गेल्या होत्या आणि बळी एकही नव्हता. वेस्ट इंडीजने त्या कसोटीत ८ बाद ६४४ वर डाव घोषित केला. होल्ट, कॉली स्मिथ आणि सॉलोमन यांची शतके. सारे नियमित गोलंदाज झोडपले जात असताना एकोणचाळिशीतल्या कर्णधाराने स्वतः चेंडू हातात घेतला आणि ६८ धावांत ३ बळी घेतले. कसोटीतले त्यांचे सगळे बळी हेच तीन. इतर कुणाला ‘तू टाक’ म्हणण्यासारखे उरले नव्हते, तेव्हा कर्णधाराने ते काम स्वतःवर घेतले. सामना अनिर्णित राहिला. त्या मालिकेतला भारताचा सलग तीन पराभवांचा सिलसिला तिथे थांबला. कर्णधार म्हणून हा त्यांचा पहिला आणि अखेरचा सामना. खेळाडू म्हणूनही अखेरचा. पुढच्या इंग्लंड दौऱ्यासाठी नेतृत्व दत्ताजीराव गायकवाड यांच्याकडे गेले, ज्यांच्या बडोद्याने वर्षभरापूर्वीच अधिकारींच्या सेनादलाला रणजीत हरवले होते.

क्षेत्ररक्षणाविषयी लिहायलाच हवे, कारण त्या काळात ते भारतीय संघाचे सर्वांत दुबळे अंग होते आणि अधिकारी कव्हरला अपवाद होते. चणीने लहान, पायात चपळाई, चेंडूवर झेपावून एका हालचालीत यष्टिरक्षकाकडे फेक. पन्नासच्या दशकात चेंडूमागे चालत जाणारे क्षेत्ररक्षक कसोटीत सर्रास दिसत. फलंदाजीचा दर्जा आपण पाहतो, क्षेत्ररक्षणाचा पाहत नाही, ही आपली जुनी खोड. ती मोडायचा हिशेबी प्रयत्न ज्यांनी केला त्यांत अधिकारींचे नाव वरचे. निवृत्तीनंतर राष्ट्रीय प्रशिक्षण शिबिरांत त्यांनी तरुणांना झेलांच्या आणि धावण्याच्या सरावात अक्षरशः घामाघूम केले. गावसकर, कपिल देव यांच्यासारखे खेळाडू त्यांच्या हाताखालून गेले.

१९७१ चा इंग्लंड दौरा. कर्णधार अजित वाडेकर, व्यवस्थापक अधिकारी. २४ ऑगस्टला ओव्हलवर भारताने इंग्लंडमध्ये पहिली कसोटी आणि पहिली मालिका जिंकली. चंद्रशेखर यांच्या ३८ धावांतल्या ६ बळींनी इंग्लंडचा दुसरा डाव १०१ वर कोसळला, हे शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे. मला त्या डावातला एक झेल पुन्हा पाहावासा वाटतो. पहिल्या डावात ९० धावा केलेला ॲलन नॉट आला आहे. वेंकटराघवन यांचा चेंडू त्याच्या बॅटच्या आणि पॅडच्या आसपास लागून समोर टपकतो. फॉरवर्ड शॉर्ट लेगला उभा एकनाथ सोलकर, शिरस्त्राण नाही, पायाला संरक्षण नाही, पुढच्या पुढे सपाट झेपावतो आणि गवताला टेकायच्या आत चेंडूखाली बोटे सारतो. नॉट १. पी. जे. हिंदू जिमखान्याच्या माळ्याचा मुलगा सोलकर. २७ कसोटींत ५३ झेल. ते धैर्य त्याचे स्वतःचे होते, ते कुणी शिकवू शकत नाही. पण भारतीय संघात बॅटजवळ उभे राहणे हे बिनमहत्त्वाच्या खेळाडूवर सोपवायचे काम नव्हे, ते सामना जिंकायचे काम आहे, ही जाणीव त्या दौऱ्यात सबंध संघाला आली. फिरकीच्या चौकडीला या झेलांनीच धार आणली. त्या जाणिवेत व्यवस्थापकाचा वाटा मोठा आहे.

तेच व्यवस्थापक १९७४ मध्येही होते, तेच कर्णधारही. इंग्लंडने मालिका ३-० ने जिंकली आणि लॉर्ड्सवर भारत ४२ धावांत गारद झाला. शिस्तीने सगळे साधते असे म्हणणाऱ्यांनी ही दोन वर्षे शेजारी ठेवून पाहावीत. शिस्त दोन्ही वेळा होती. १९७४ मध्ये ती ज्यांच्यावर लादायची त्यांच्यात एकजूट नव्हती. अधिकारींचे सामर्थ्य हुकमात नव्हते असे मी वर म्हटले, त्याचा हा दुसरा पुरावा. जोडीदार टिकला तरच त्यांचा डाव बहरतो. जोडीदार नसेल तर त्यांच्याकडे नायडूंचा दांडपट्टा नव्हता, हजारेंची एकाकी तपश्चर्याही नव्हती. ही त्यांची मर्यादा आहे. कसोटीतली ३१.१४ ची सरासरी मोठ्या फलंदाजाची नव्हे. प्रथम श्रेणीत १५२ सामने, ८६८३ धावा, १७ शतके, सरासरी ४१.७४, हे आकडे चांगले, पण त्याच काळातल्या हजारे-मर्चंट यांच्या जवळपासही न जाणारे. त्यांना थोर म्हणावे असा माझा आग्रह नाही. त्यांना नीट वाचावे, इतका मात्र आहे. २५ ऑक्टोबर २००३ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

भात कापून झाले की आमच्या तालुक्यात, इंदापूरपासून गोरेगाव-लोणेऱ्यापर्यंत, मोकळ्या शेतांत टेनिस बॉलच्या स्पर्धा सुरू होतात. मुंबईचे चाकरमानी सुट्टी काढून येतात, फ्लडलाइट लागतात, मोठे चषक, मोठी बक्षिसे. चार-पाच षटकांच्या या सामन्यांत जोर आहे, डोळा आहे, कोकणच्या पोरांची निडर बॅट आहे. मी त्यांचा चाहता आहे. बक्षिसे ठरलेली: उत्कृष्ट फलंदाज, उत्कृष्ट गोलंदाज, मालिकावीर. स्पर्धा भरवणाऱ्या मंडळांना माझी एक विनंती आहे. यंदा आणखी एक बक्षीस ठेवा, स्पर्धेतल्या सर्वांत मोठ्या शेवटच्या जोडीसाठी. ते दोघांना मिळून द्या, एकाला नको. आणि त्याला लेफ्टनंट कर्नल हेमू अधिकारी यांचे नाव द्या.